पन्हाळी पत्र्यांची घरे : वास्तुशिल्पज्ञ हर्मन कॅलनबॅक यांचे जीवन व कार्य

१९१२ च्या शेवटच्या महिन्यांत नामदार गोपाळ कृष्ण गोखले दक्षिण आफ्रिकेच्या दौऱ्यावर गेले होते. जोहान्सबर्गच्या पार्क स्टेशनवर त्यांच्या स्वागतासाठी एक शोभिवंत कमान उभारण्यात आली होती. हिंदी लोकांच्या वतीने त्यांना जे मानपत्र देण्यात आले, ते त्याच भूमीतून निघालेल्या सोन्याच्या पत्र्यावर कोरलेले होते, आणि त्यावर हिंदुस्थान व सिंहलद्वीप यांचा नकाशा काढलेला होता. याच शहरात केवळ हिंदी लोकांची एक सभा भरली, तेव्हा तेथील काही महाराष्ट्रीय आणि कोकणी मुसलमान यांना गोखल्यांचे भाषण मराठीतून ऐकावयाचे होते. आपण मराठीत बोलावे, मी त्याचे हिंदीत भाषांतर करीन, असे गांधीजींनी सुचविले. तुमचे हिंदी मला ठाऊक आहे, पण मराठी तुम्ही केव्हा शिकलात, असे म्हणून गोखले खळखळून हसले, असे गांधीजींनी ‘दक्षिण आफ्रिकेतील सत्याग्रहाचा इतिहास’ या ग्रंथात नमूद केले आहे. तथापि त्यांनी ती सूचना मानली, आणि पुढे झांझिबारपर्यंत हिंदी लोकांच्या सभांत बहुधा ते मराठीतूनच बोलले.

ही कमान ज्यांच्या कल्पनेतून उतरली ते हर्मन कॅलनबॅक हे जोहान्सबर्गमधील नामांकित वास्तुशिल्पज्ञ होते. कमान चार दिवसांची होती, समारंभ आटोपल्यावर ती उतरविली गेली असणार. कॅलनबॅक यांनी उभारलेल्या ज्या घरांमुळे त्यांचे नाव आज घेतले जाते, तीही फार दिवस टिकली नाहीत. दगड, गिलावा आणि कौले यांत ज्यांचा व्यवसाय गेला, त्यांचे सर्वांत मोलाचे काम पन्हाळी पत्र्यांचे असावे, हे विचार करण्याजोगे आहे. म्हणून त्यांचे चरित्र आम्ही आमच्या वाचकांपुढे ठेवीत आहोत.

कॅलनबॅक यांचा जन्म १ मार्च १८७१ रोजी एका यहूदी कुटुंबात झाला. त्यांचे जन्मगाव आज लिथुआनियात आहे, त्या वेळी ते रशियन साम्राज्यात होते. बालपण मात्र सरहद्दीपलीकडे पूर्व प्रशियात, मेमेल नदीच्या मुखाजवळील रुस या गावी गेले. सुतारकाम व गवंडीकाम त्यांनी प्रत्यक्ष हाताने शिकून घेतले, आणि मग श्टुटगार्ट व म्युनिक येथे वास्तुविद्येचा अभ्यास केला. शरीर कमावलेले होते. पोहणे, बर्फावरून घसरत जाणे, सायकल चालविणे यांचा त्यांना नाद होता. त्यांचे मामा-काका तेव्हा जोहान्सबर्ग येथे स्थायिक झालेले होते. त्यांच्या आधाराने १८९६ मध्ये ते आफ्रिकेस आले.

त्या वेळी जोहान्सबर्ग शहराला अवघी दहा वर्षे झाली होती. १८८६ मध्ये तेथे सोने सापडले आणि माळरानावर शहर उभे राहिले. खाणमालकांना वाडे हवे होते, बँकांना दगडी दर्शनी भिंती हव्या होत्या. वास्तुशिल्पज्ञाला कामाची वाण नव्हती. १८९९ ते १९०२ या काळातील बोअर युद्धानंतर तर शहर नव्याने वाढू लागले. याच वर्षांत तेथे हर्बर्ट बेकर हे इंग्रज वास्तुशिल्पज्ञही काम करीत होते. केप कॉलनीचे सेसिल ऱ्होड्स यांचा त्यांना आश्रय लाभला होता. पुढे प्रिटोरियाच्या टेकडीवर, १९१० ते १९१३ या काळात, त्यांनी संयुक्त दक्षिण आफ्रिकेच्या राज्यकारभाराची भव्य इमारत बांधली, आणि नंतर नव्या दिल्लीतील सचिवालये व संसद भवन यांच्या रूपाने त्यांचे काम आपल्या देशातही आले. साम्राज्याला शोभेल असे दगडात काय बांधावे, हा बेकर यांच्या आयुष्याचा प्रश्न होता. कॅलनबॅक यांना असा मोठा आश्रयदाता नव्हता, आणि त्यांची तशी आकांक्षाही दिसत नाही. ते धंद्यात हुशार होते, जमिनीच्या व्यवहारात त्यांना पैसा मिळाला, आणि मिळालेला पैसा ते सढळ हाताने स्वतःवर खर्च करीत.

गांधीजींशी त्यांची ओळख खान नावाच्या हिंदी वकिलांनी करून दिली. या माणसाच्या अंतरंगात कोठेतरी वैराग्याचा झरा आहे, हे खान यांनी ताडले होते. पहिल्याच भेटीत कॅलनबॅक यांनी धर्माविषयी खोल प्रश्न विचारले, आणि बोलता बोलता गौतम बुद्धांच्या गृहत्यागाचा विषय निघाला. गांधीजींना मात्र त्यांची चैन पाहून धक्का बसला. घरभाडे सोडून केवळ स्वतःच्या देहावर हे गृहस्थ महिन्याला बाराशे रुपये खर्च करीत! पुढे तो खर्च एकशेवीस रुपयांवर आला. गांधीजींनी हा आकडा आत्मकथेत मुद्दाम दिला आहे. हृदयपालट मोजण्याचे साधन कोणाजवळच नसते, पण मनुष्याच्या खर्चाच्या वहीत त्याचा काही माग लागतो, आणि धर्मोपदेशकांनी ती वही वाचावयास लाजू नये, असे आम्हांस वाटते.

१९०७ मध्ये कॅलनबॅक यांनी जोहान्सबर्गच्या ऑर्चर्ड्स या उपनगरात स्वतःसाठी एक घर बांधले. त्याला त्यांनी ‘क्राल’ असे नाव दिले. दक्षिण आफ्रिकेत क्राल म्हणजे आफ्रिकी लोकांची झोपड्यांची वस्ती किंवा गुरांचा गोठा. आफ्रिकी पद्धतीच्या दोन वर्तुळाकार, गवताने शाकारलेल्या खोल्या आणि त्यांना जोडणारा मधला भाग अशी त्याची रचना आहे. युरोपियन वस्तीत एका जर्मन वास्तुशिल्पज्ञाने देशी झोपडीचा आकार पसंत करावा, ही गोष्ट त्या काळी सर्रास घडणारी नव्हती. मात्र एक उणीव सांगितली पाहिजे. तो आकार ज्यांच्याकडून घेतला त्या आफ्रिकी माणसाला त्या उपनगरात घर घेण्यास मज्जाव होता. तो तेथे चाकर म्हणूनच राहू शके. १९०८ व १९०९ या वर्षांत गांधीजी या घरात कॅलनबॅक यांच्यासह राहिले. दोघे स्वतःच स्वयंपाक व घरकाम करीत. त्यांच्या मैत्रीत विनोदही पुष्कळ होता. १९११ मध्ये कॅलनबॅक युरोपला निघाले तेव्हा दोघांनी एक लेखी करार केला. त्यात गांधीजी ‘अप्पर हाउस’ व कॅलनबॅक ‘लोअर हाउस’. अंदाजपत्रक खालच्या सभागृहाने मांडावे आणि वरच्याने ते नामंजूर करावे, अशी ही थट्टा होती. खर्चाच्या बाबतीत वरचे सभागृह कडक होते, हे सांगावयास नकोच.

आता मुख्य प्रसंगाकडे वळू. १९०६ पासून ट्रान्सवालमध्ये आशियाई लोकांच्या सक्तीच्या नोंदणीविरुद्ध लढा चालू होता. पुरुष तुरुंगात जात आणि मागे त्यांची कुटुंबे उपाशी राहत. दरमहा पैसे वाटणे फार दिवस शक्य नव्हते. गांधीजींचा फीनिक्स आश्रम नाताळ प्रांतात, सुमारे तीनशे मैल दूर, आगगाडीने तीस तासांच्या अंतरावर होता. सर्व कुटुंबांना एकत्र ठेवून, कष्ट करून जगता येईल अशी जागा जोहान्सबर्गजवळ हवी होती. परंतु ट्रान्सवालमध्ये १८८५ चा तिसरा कायदा अमलात होता. त्यानुसार ठरवून दिलेल्या वस्त्यांबाहेर आशियाई माणसाला स्थावर मालमत्ता आपल्या नावावर करता येत नसे. मग जमीन येणार कोठून?

कॅलनबॅक युरोपियन होते. कायदा त्यांच्या बाजूचा होता. त्यांनी लॉली स्टेशनाजवळ, जोहान्सबर्गपासून एकवीस मैलांवर, ११०० एकरांचे शेत विकत घेतले, आणि ३० मे १९१० रोजी, लढा चालेल तोवर ते सत्याग्रहींनी विनाभाडे वापरावे, असे लिहून दिले. या दानाचे मर्म केवळ पैशात नाही. गोऱ्या कातडीमुळे जो हक्क त्यांच्याकडे आपोआप आला होता, तोच त्यांनी हक्क नाकारलेल्यांच्या उपयोगी लावला. आपला वरचष्मा नाहीसा करणे त्यांच्या हाती नव्हते. तो कोणाच्या कामी यावा, हे ठरविणे त्यांच्या हाती होते. मिशनच्या जमिनी, शाळांच्या इमारती, विश्वस्त मंडळांचे दस्तऐवज यांच्याशी आमच्या वाचकांपैकी पुष्कळांचा नित्य संबंध येतो. दुसऱ्याच्या नावावर असलेल्या जमिनीवर आपली मंडळी कशी उभी असते, हे त्यांना वेगळे सांगावयास नको.

शेताला रशियन लेखक टॉल्स्टॉय यांचे नाव दिले. ‘देवाचे राज्य तुमच्या अंतर्यामी आहे’ या अर्थाचे शीर्षक असलेल्या त्यांच्या ग्रंथाचा गांधीजींच्या मनावर खोल ठसा उमटला होता. आपली परवानगी न मागता आपले नाव दिले, हे कॅलनबॅक यांनी ऑगस्ट १९१० मध्ये टॉल्स्टॉय यांना स्वतः पत्र लिहून कळविले. गांधीजींना टॉल्स्टॉय यांचे सविस्तर पत्र सप्टेंबरात लिहिले गेले, आणि नोव्हेंबरात ते वृद्ध ऋषितुल्य लेखक वारले.

शेतावर संत्री, जर्दाळू, आलुबुखार यांची सुमारे हजार झाडे होती, दोन विहिरी व एक झरा होता, आणि टेकडीच्या पायथ्याशी एक लहानसे घर होते. बाकी सर्व बांधावयाचे होते. दहा स्त्रिया व साठ पुरुष राहतील अशा इमारती, कॅलनबॅक यांचे घर, त्याला लागून शाळा, आणि सुतारकाम व चर्मकाम यांसाठी एक कार्यशाळा असा आराखडा ठरला. स्त्रियांची घरे पुरुषांच्या घरांपासून वेगळी ठेवली. भिंती व छपरे पन्हाळी पत्र्यांची. कॅलनबॅक यांनी एक युरोपियन गवंडी आणला. नारायणदास दमानिया या गुजराती सुताराने मोबदला न घेता काम केले आणि इतर सुतार कमी मजुरीत मिळवून दिले. बिगारकाम वस्तीतील लोकांनीच केले. सुमारे दोन महिन्यांत घरे उभी राहिली. तोवर सारे तंबूंत राहिले. श्रीमंतांचे बंगले बांधणाऱ्या वास्तुशिल्पज्ञाने येथे जे बांधले त्यात सुशोभनाचा लवलेश नव्हता. मात्र आराखडा पाहिला तर एका जाणत्या माणसाचा हात ओळखू येतो. कोणी कोठे निजावे, मुलांनी कोठे शिकावे, घाण कोठे टाकावी, पाणी कसे आणावे, हे सर्व आधी ठरले होते.

घरांनंतर प्रश्न आला पायांचा. चपला करणे शिकण्यासाठी कॅलनबॅक पाइनटाउनजवळील मरियनहिल येथे गेले. १८८२ मध्ये स्थापन झालेल्या या मठात ट्रॅपिस्ट पंथाचे जर्मन कॅथलिक साधू राहत. ते मौनव्रती, शाकाहारी आणि सर्व उद्योग स्वतःच्या हातांनी करणारे होते. गांधीजींनी १८९५ मध्येच तो मठ पाहिला होता व त्याने ते प्रभावित झाले होते. तेथून कॅलनबॅक चपला करावयास शिकून आले, त्यांनी ती विद्या गांधीजींना दिली, आणि गांधीजींनी इतरांना. एका यहूदी माणसाने कॅथलिक संन्याशांकडून हस्तकला शिकावी, ती हिंदू गुरुबंधूला द्यावी, आणि त्या चपला घालून मुसलमान, पारशी, तमिळ ख्रिस्ती अशा सर्वांनी जोहान्सबर्गची वाट चालावी! खाजगी कामाला शहरात जावयाचे तर पायी जावे, असा वस्तीचा नियम होता. पहाटे अडीचला निघून एकवीस मैल चालत जावे आणि संध्याकाळी परतावे.

वस्तीत हिंदू, मुसलमान, ख्रिस्ती, पारशी असे सर्व होते. अन्नाचा प्रश्न नाजूक होता. ख्रिस्ती व मुसलमान बंधूंना मांस हवे असेल तर ते, गोमांससुद्धा, दिले पाहिजे, असे गांधीजींनी मनाशी ठरविले होते, आणि त्यांनी स्त्रियांपुढे हा प्रश्न मोकळेपणाने ठेवला. त्या आपण होऊन शाकाहारास तयार झाल्या. रमजानात मुसलमान मुले रोजे धरीत तेव्हा इतरही काही त्यांच्याबरोबर उपास करीत. कॅलनबॅक फळबागेत राबत, मुलांना कामाची शिस्त लावीत. येथे कोणी कोणाला धर्मांतराचा आग्रह केल्याची नोंद नाही. सहभोजन व सहप्रार्थना यांविषयी आपल्या परिषदांत आज जे प्रबंध वाचले जातात, त्यांतील बराच भाग या पत्र्याच्या घरांत आधीच जगला गेला होता.

अहिंसेच्या मर्यादाही तेथेच दिसल्या. शेतावर सापांचा सुळसुळाट होता. कॅलनबॅक यांनी सापांवरील पुस्तके जमविली, विषारी-बिनविषारी ओळखावयास मुलांना शिकविले, आणि एक मोठा नाग पकडून पिंजऱ्यात पाळला. गांधीजींनी त्यांना विचारले की, त्याच्याशी आपण मैत्री करू पाहतो, पण आपल्याला त्याला मोकळा सोडण्याचे धैर्य आहे काय? मग हे प्रेम कसले? काही दिवसांनी एका सकाळी पिंजरा रिकामा आढळला. पुढे खुद्द कॅलनबॅक यांच्या खोलीत अडचणीच्या जागी एक साप निघाला. तो हाकलता येईना, धरता येईना. तेव्हा गांधीजींनी त्याला मारण्याची परवानगी दिली. हा प्रसंग त्यांनी झाकून ठेवला नाही, हे आम्हांस विशेष वाटते.

गोखले या शेतावर आले तेव्हाची हकीकत मराठी वाचकांस ठाऊक असावी. स्टेशनापासून दीड मैल पायी येताना पाऊस लागला आणि त्यांना सर्दी झाली. त्यांची सोय कॅलनबॅक यांच्या खोलीत केली होती, आणि सर्व वस्तीत एकही खाट नसल्याने त्यांच्यासाठी एक मागून आणली होती. बाकी सारे जमिनीवर निजतात हे कळताच गोखल्यांनी ती खाट काढावयास लावली आणि स्वतः जमिनीवर अंथरूण घातले. अंग चेपू देण्यासही ते राजी झाले नाहीत. कष्ट भोगण्यासाठी जणू तुम्हीच जन्माला आला आहात आणि आमच्यासारख्यांनी तुमच्याकडून लाड करून घ्यावेत, असे तुम्हांला वाटते काय, अशा शब्दांत त्यांनी गांधी व कॅलनबॅक दोघांचीही चांगलीच कानउघाडणी केली. परतीच्या प्रवासात हे दोघे त्यांना झांझिबारपर्यंत पोचवावयास गेले.

गोखल्यांना प्रिटोरियात मंत्र्यांनी आश्वासने दिली होती. गिरमिट संपलेल्या मजुरांवरील तीन पौंडांचा कर रद्द होईल, असे त्यांना वाटले. तो रद्द झाला नाही. त्यातच १४ मार्च १९१३ रोजी केप प्रांताच्या न्यायालयात न्यायमूर्ती सर्ल यांनी असा निर्णय दिला की, ख्रिस्ती विधीने न झालेला व कायद्याने न नोंदलेला विवाह ग्राह्य नाही. एका फटक्यात हजारो हिंदू, मुसलमान व पारशी स्त्रियांचे पत्नीपद कायद्याच्या दृष्टीने पुसले गेले. ख्रिस्ती विवाहविधी हा देवाचा आशीर्वाद आहे, असे आम्ही शिकवितो. तोच विधी दुसऱ्याच्या पत्नीला उपपत्नी ठरविण्याचे साधन झाला, हे आपल्या धर्मेतिहासाच्या पुस्तकांत क्वचितच वाचावयास मिळते. कस्तुरबा तुरुंगात गेल्या त्या याच कारणाने.

६ नोव्हेंबर १९१३ रोजी चार्ल्सटाउनहून सरहद्द ओलांडून मोर्चा निघाला. त्यात २०३७ पुरुष, १२७ स्त्रिया व ५७ मुले होती. बहुतेक सारे कोळशाच्या खाणींतील संपकरी मजूर. सरहद्दीपलीकडील फोल्क्सरुस्ट गावात गोऱ्या रहिवाशांनी सभा भरवून, हिंदी लोक आले तर गोळ्या घालू, अशा धमक्या दिल्या. कॅलनबॅक त्या सभेत एकटे गेले. ते बोलू लागताच एकाने त्यांना द्वंद्वाचे आव्हान दिले. कमावलेल्या शरीराच्या या माणसाने शांतपणे सांगितले की, मी शांतीचा धर्म स्वीकारला आहे, म्हणून आव्हान घेऊ शकत नाही. ज्याला मारावयाचे असेल त्याने खुशाल यावे, पण माझे म्हणणे ऐकल्यावाचून मी येथून जाणार नाही. त्यांनी मजुरांची बाजू मांडली, आणि मोर्चाला त्या गावात इजा झाली नाही.

लवकरच गांधीजी, हेन्री पोलक व कॅलनबॅक तिघेही पकडले गेले. सरकारजवळ पुरेसे साक्षीदार नव्हते, म्हणून हे मित्र एकमेकांविरुद्ध साक्षी देऊन मोकळे झाले! प्रत्येकाला तीन महिन्यांची शिक्षा मिळाली. डिसेंबरात सुटका झाली. चार्ल्स अँड्र्यूज हे आपल्या दिल्लीतील मिशनरी जानेवारी १९१४ मध्ये तेथे पोचले ते या वातावरणात. जुलै १९१४ च्या कायद्याने तीन पौंडांचा कर गेला व विवाहांना मान्यता मिळाली. दुसऱ्या बाजूला, १९१३ च्या भूमिकायद्याने आफ्रिकी लोकांना त्यांच्याच देशात बहुतेक सर्व जमीन विकत घेण्यास बंदी झाली होती. हिंदी लोकांच्या लढ्यात त्यांना स्थान नव्हते. कॅलनबॅक यांच्या औदार्यालाही ती रेषा ओलांडता आली नाही, हे लिहिल्यावाचून हे चरित्र पुरे होत नाही.

१८ जुलै १९१४ रोजी गांधी दांपत्यासह कॅलनबॅक इंग्लंडला निघाले, तेथून हिंदुस्थानात येऊन राहावयाचे असे ठरले होते. बोटीवर तिसऱ्या वर्गाचा प्रवास. कॅलनबॅक यांच्याजवळ उत्तम दुर्बिणी होत्या आणि त्यांवरून रोज वाद होई. अखेर सात पौंड किमतीची दुर्बीण त्यांनी समुद्रात फेकून दिली. ते इंग्लंडला पोचण्यापूर्वीच महायुद्ध पेटले. कॅलनबॅक जर्मन प्रजाजन ठरले. गांधीजींनी पुष्कळ खटपट केली तरी व्हाइसरॉय हार्डिंज यांनी त्यांना हिंदुस्थानात येऊ दिले नाही. आइल ऑफ मॅन बेटावर त्यांना नजरकैदेत ठेवण्यात आले, कैद्यांच्या अदलाबदलीत ते जर्मनीस गेले, आणि १९२० च्या सुमारास पुन्हा जोहान्सबर्गला आले.

यानंतर त्यांनी आपला व्यवसाय हाती घेतला. केनेडी व फर्नर यांच्या भागीदारीतील त्यांची संस्था नव्या आधुनिक शैलीत शहरात मोठ्या इमारती बांधू लागली. युद्धापूर्वी याच शहरात ग्रीक ऑर्थोडॉक्स मंडळीसाठी संत कॉन्स्टंटाइन व हेलेना यांचे घुमटाचे चर्च बांधले गेले, त्याचा आराखडाही कॅलनबॅक यांच्याच कचेरीचा. ते पुन्हा श्रीमंत झाले. गांधीजींनी पत्रांतून त्यांना बोलाविणे सोडले नाही, पण भेट होईपर्यंत तेवीस वर्षे लोटली.

१९३७ च्या मे महिन्यात ते आले. वलसाडजवळील तिथल येथे भेट झाली, मग वर्ध्याजवळील शेगावी, ज्याला पुढे सेवाग्राम हे नाव मिळाले, तेथे ते राहिले. या भेटीमागे आणखी एक हेतू होता. पॅलेस्टाइनमधील यहूदी संघटनेचे मोशे शेर्तोक यांनी, यहूद्यांच्या राष्ट्रीय घरासाठी गांधीजींची सहानुभूती मिळवावी, म्हणून त्यांना गळ घातली होती. जर्मनीत हिटलरचा जुलूम चालू होता. गांधीजींनी नोव्हेंबर १९३८ मध्ये ‘हरिजन’मध्ये लेख लिहून जर्मनीतील यहूद्यांनी अहिंसक प्रतिकार करावा असे सुचविले, आणि पॅलेस्टाइनवरील त्यांचा दावा मान्य केला नाही. १९३९ च्या आरंभी कॅलनबॅक पुन्हा शेगावी आले आणि मलेरियाने आजारी पडले. गांधीजींनी त्या दिवसांत, नाव न घेता, आपल्याजवळ राहणाऱ्या एका यहूदी मित्राविषयी लिहिले. त्याचा अहिंसेवर बुद्धीने विश्वास आहे, पण हिटलरसाठी मी प्रार्थना करू शकत नाही असे तो म्हणतो, आणि त्याच्या या रागाबद्दल मी त्याच्याशी भांडत नाही, असा त्या लेखनाचा आशय आहे.

फोल्क्सरुस्टच्या सभेत मार खावयास जो तयार झाला, तो तीस वर्षे अहिंसा शिकूनही या ठिकाणी थांबला. आम्हांस यात पतन दिसत नाही. स्वतःवरील वार सोसणे एक, आणि आपल्या लोकांच्या संहारकासाठी प्रार्थना करणे दुसरे. ‘आपल्या वैऱ्यांवर प्रीती करा’ हे वचन आपण दर वर्षी व्यासपीठावरून वाचतो. ते कोणाला, कोणत्या प्रसंगी, कोणत्या अधिकाराने सांगावयाचे, हा प्रश्न शेगावच्या त्या आजारी माणसाने आपल्यापुढे ठेवला आहे.

आमच्या पंथात एक सवय आहे. दुसऱ्या धर्मातील थोर माणूस आढळला की तो न कळत ख्रिस्तीच होता, असे आपण म्हणतो, आणि कार्ल रानर यांच्यासारख्या ईश्वरविद्येच्या पंडितांनी या विचाराला तात्त्विक रूपही दिले आहे. कॅलनबॅक यांच्या बाबतीत हे लेबल आम्ही लावणार नाही. टॉल्स्टॉय त्यांनी वाचले, मरियनहिलच्या साधूंकडून ते शिकले, चर्च त्यांनी बांधले. पण यहूदी म्हणून जन्मले आणि यहूदी म्हणूनच त्यांना आपल्या लोकांचे दुःख झाले. त्यांना आपल्यात ओढून घेतले की तेच दुःख आपण त्यांच्यापासून हिरावून घेतो.

२५ मार्च १९४५ रोजी जोहान्सबर्ग येथे कॅलनबॅक यांचे निधन झाले. मालमत्तेचा मोठा भाग त्यांनी यहूदी कार्यासाठी ठेवला, ग्रंथसंग्रह जेरुसलेमच्या हिब्रू विद्यापीठाला दिला, आणि त्यांच्या अस्थी गालील समुद्राकाठच्या देगानिया या सामुदायिक शेतवस्तीत पुरल्या गेल्या. त्यांच्या संग्रहातील गांधीजींची पत्रे व कागदपत्रे भारत सरकारने २०१२ मध्ये विकत घेऊन दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारात ठेवली. ‘क्राल’ हे घर जतन झाले असून २०११ पासून तेथे गांधी-स्मृतीचे संग्रहालय आहे. टॉल्स्टॉय शेतावरील पत्र्याची घरे मात्र केव्हाच नाहीशी झाली. पुष्कळ वर्षे तेथे पायाच्या खुणांपलीकडे फारसे काही उरले नव्हते.